निंबाचा माणूस

ती कॅसेट मुळात रंगीत होती, हे मला बऱ्याच वर्षांनी कळलं. १९९२ साली अबिजानच्या बंदराबाहेर नांगर टाकून आम्ही धक्क्याला लागायची वाट बघत होतो, तेव्हा ती जहाजाच्या मेसमध्ये लागली. आयव्हरी कोस्टमधल्या कॅसेटी सेकॅम पद्धतीच्या आणि आमचा व्हीसीआर पाल. त्यामुळे चित्र दिसायचं, पण त्यातला रंग उडालेला असायचा. मला आठवतं ते रक्त म्हणूनच काळं आहे.

एक माणूस जमिनीवर बसलाय. अंगावर फक्त चड्डी, हात पाठीमागे बांधलेले, पायांना गोळ्या लागलेल्या. तो शेजारच्या लायबेरियाचा राष्ट्राध्यक्ष आहे. समोर टेबलामागे लष्करी कपड्यांतला दुसरा माणूस, हातात बडवायझरचा डबा. एक बाई त्याला वारा घालते आहे, त्याचा घाम पुसते आहे. तो घोट घेतो, प्रश्न विचारतो आणि मग कान कापायचा हुकूम देतो. जमिनीवरचा माणूस सॅम्युअल डो. टेबलामागचा प्रिन्स यॉर्मी जॉन्सन. तारीख ९ सप्टेंबर १९९०, गाव मोन्रोव्हिया, लायबेरियाची राजधानी.

मी उठून डेकवर गेलो. माझ्यासारखे अजून दोघे-तिघे उठले. कॅसेट आणणारा मोटरमन, म्हणजे इंजिन रूममधला खलाशी, मात्र शेवटपर्यंत बसून राहिला.

आमचं जहाज ग्रीक मालकाचं, कॅप्टन ग्रीक, इंजिन रूममध्ये बहुतेक आम्ही भारतीय आणि झेंडा लायबेरियाचा, कारण जहाजाची नोंदणी कागदोपत्री तिथली. दर्यावर्दी घरांत हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. रत्नागिरी-देवगडकडच्या किती पोरांनी अशा जहाजांवर आयुष्य काढलंय! मागच्या अंगाला जहाजाचं नाव, त्याखाली पांढऱ्या अक्षरांत ‘मोन्रोव्हिया’. वर अमेरिकेच्या झेंड्याशी नातं सांगणारे अकरा पट्टे आणि निळ्या चौकोनात एकच तारा. सगळी नोंदणी चालायची अमेरिकेतल्या व्हर्जिनियातून. जगातल्या हजारो जहाजांवर ज्या शहराचं नाव, ते शहर आमच्यापैकी कुणीही पाहिलेलं नव्हतं. त्या मोटरमनला सोडून.

तो निंबाचा होता. निंबा म्हणजे लायबेरियाच्या पंधरा काउंटींपैकी एक, गिनी आणि आयव्हरी कोस्टच्या सीमेला लागून. डोंगरात लोखंडाचं खनिज, येकेपाच्या खाणींतून ते रेल्वेने बुकॅनन बंदराला जायचं. त्याचं गाव सॅनिक्वेली, काउंटीचं मुख्य ठिकाण. १९५९ साली लायबेरियाचे टबमन, घानाचे एन्क्रुमा आणि गिनीचे सेकू तुरे हे तीन देशांचे प्रमुख आफ्रिकेच्या एकीबद्दल बोलायला त्या गावात जमले होते, हे त्याने मला पहिल्याच आठवड्यात सांगितलं होतं, आपल्याकडे कुणी आपल्या गावी गांधीजी येऊन गेले हे सांगतो तसं. मी सेकंड इंजिनियर, म्हणून तो मला ‘सेकंड’ म्हणायचा. आम्हा दोघांची चार ते आठची वॉच, म्हणजे पाळी. पहाटेच्या वॉचला माणसं बोलतात.

त्या पहाटे मी त्याला विचारलं, असलं काही तू विकत कसं घेतलंस?

तो गेजचं रीडिंग घेत होता. ते पूर्ण केलं, पाटीवर लिहिलं आणि म्हणाला, “सेकंड, तुम्ही शेवटचे दोन तास बघितलेत. मी सुरुवातीपासून बघतोय.”

त्याची सुरुवात १९८५ ची होती. मला त्यातलं काही ठाऊक नव्हतं. नंतर जमेल तसं वाचत गेलो तेव्हा त्याने सांगितलेलं जागच्या जागी बसत गेलं.

१२ एप्रिल १९८० ला डो हा साधा मास्टर सार्जंट सतरा जणांना घेऊन राष्ट्राध्यक्षांच्या वाड्यात घुसला, विल्यम टॉल्बर्टना मारलं, आणि दहा दिवसांनी तेरा बड्या अधिकाऱ्यांना समुद्रकिनाऱ्यावर खांबांना बांधून गोळ्या घातल्या. शंभराहून जास्त वर्षं अमेरिकेतून परतलेल्या गुलामांच्या वंशजांचं राज्य होतं. ते संपलं म्हणून लोक रस्त्यावर नाचले. त्या सतरा जणांत निंबाचा एक तरुण होता, थॉमस क्विवॉन्कपा. गिओ जमातीचा, लोकांचा लाडका, लष्करप्रमुख झाला. डो क्रान जमातीचा. लवकरच दोघांचं फाटलं. प्रिन्स जॉन्सन हा या क्विवॉन्कपाच्या हाताखालचा अधिकारी. जन्म १९५२ चा, निंबातल्याच टापिट्याचा, तोही गिओ. १९८३ मध्ये क्विवॉन्कपाबरोबर तोही परागंदा झाला.

१९८५ च्या ऑक्टोबरात डोने निवडणूक घेतली आणि स्वतःला ५०.९ टक्के मतं देऊन विजयी जाहीर केलं. पुढच्याच महिन्यात, १२ नोव्हेंबरला, क्विवॉन्कपाने उठाव केला. फसला. त्याला मारून त्याच्या प्रेताचे हाल करत ते राजधानीत मिरवलं गेलं. आणि मग डोचे सैनिक निंबात शिरले. क्विवॉन्कपा गिओ, म्हणून गिओ मारायचे. शेजारचे मानो त्यांच्या बाजूचे, म्हणून मानोही. गावं जाळली, माणसं ट्रकमधून नेली.

मोटरमनचे वडील प्राथमिक शाळेत मास्तर होते. ट्रकमधून नेलेल्यांत तेही होते. ते परत आले नाहीत, प्रेतही मिळालं नाही. कुठल्या कचेरीत जाऊन विचारायचं, तर कचेरीत बसलेलेच ट्रक घेऊन आलेले. हे सांगताना तो फार सपाट आवाजात बोलत होता. मी डायरी ठेवायचो. वडिलांचं नाव लिहून घ्यायला गेलो तर मला स्पेलिंग जमेना. त्याने माझ्या हातातलं पेन घेतलं आणि स्वतःच लिहिलं.

२४ डिसेंबर १९८९ ला बंडखोर नेता चार्ल्स टेलरची शंभर-दीडशे माणसं आयव्हरी कोस्टमधून बुटुओला सीमा ओलांडून आली, तेव्हा ती निंबातच का आली हे आता सांगायला नको. निंबातली पोरं त्यांना आपण होऊन मिळाली. जॉन्सन त्या फौजेतला सगळ्यात तयारीचा सेनानी होता. काही महिन्यांतच तो टेलरपासून फुटला, आपला वेगळा गट काढला आणि टेलरच्या आधी राजधानीत पोचला. बुशरॉड बेट आणि बंदराचा भाग त्याच्याकडे, तळ कॉल्डवेलला. डो आपल्या वाड्यात अडकलेला.

जुलैअखेर एक गोष्ट घडली. मोन्रोव्हियातल्या सेंट पीटर्स लुथरन चर्चमध्ये गिओ आणि मानो कुटुंबं आसऱ्याला राहिली होती. बायका, मुलं, म्हातारी माणसं. २९ जुलैच्या रात्री डोचे सैनिक तिथे शिरले. सुमारे ६०० माणसं मारली. त्यांना पुरलंय त्याच आवारात. डोचा कान कापला गेला तो यानंतर सहा आठवड्यांनी. पश्चिम आफ्रिकी देशांची शांतिसेना बंदरावर उतरली होती, तिच्या सेनापतीला भेटायला डो आपली माणसं घेऊन तिथे गेला. जॉन्सनची माणसंही तिथे आली. गोळीबार झाला, डोची माणसं पडली आणि डो कॉल्डवेलला नेला गेला.

मी हे सगळं क्रमाने मांडतोय ते त्या टेबलामागच्या माणसाला सोडवायला नाही. कॉल्डवेलच्या तळावर काय चालायचं, याच्या साक्षी पुढे कितीतरी जणांनी दिल्या. स्वतःच्याच माणसांना, संशय आला म्हणून, मर्जी फिरली म्हणून गोळ्या घातल्या जात. अख्खा देश ज्याच्या गाण्यांवर नाचायचा तो गायक टेकुमसे रॉबर्ट्स त्याच तळावर मारला गेला. त्याने निंबाचं काय वाकडं केलं होतं? हे आणि यानंतरचं, अशी दोन्ही यादवी युद्धं मिळून अडीच लाख माणसं गेली असं मानतात. त्यातली किती जण डोच्या, टेलरच्या किंवा जॉन्सनच्या बाजूची तरी होती? बहुतेकांना फक्त तांदूळ हवा होता.

पण १९९२ च्या त्या पहाटे इंजिन रूममध्ये मी जो चेहरा बघितला, तो मला हिशोबात धरावाच लागतो. त्या माणसाला क्रूरपणाची हौस नव्हती. आमच्या वायपरचं, इंजिन रूममधल्या मदतनिसाचं, बोट चेंगरलं तेव्हा रात्रभर त्याच्या उशाशी तोच बसला होता. कॅसेट तो एकाच ठिकाणी पुन्हा मागे न्यायचा, आणि ती जागा कानाची नव्हती. जिथे डोला पैशांबद्दल विचारतात, लोकांचा पैसा कुठे ठेवलास, कुठल्या खात्यात, तिथे तो थांबायचा. निंबातल्या माणसाने राष्ट्राध्यक्षाला प्रश्न विचारावा आणि त्याने उत्तर द्यावं, हे त्याने आयुष्यात पहिल्यांदा बघितलं होतं. इतर कुठे बघायला मिळालं असतं त्याला?

पुढे जॉन्सनचा गट मोडला. १९९२ मध्ये तो नायजेरियात गेला आणि जवळपास बारा वर्षं तिथे राहिला. बायबल हातात घेतलं, प्रवचनं करू लागला, पास्टर झाला. डोच्या कुटुंबाशी समेट झाल्याचं सांगू लागला. त्याचं मन खरंच पालटलं असेल का, यावर मी पूर्वी बराच विचार करायचो. आता करत नाही. ते त्याच्या देवाला ठाऊक. माणसांना जे मोजता येतं ते त्याने परत आल्यावर काय केलं.

२००३ च्या ऑगस्टमध्ये अक्रात शांतता करार झाला. त्याच महिन्यात, मधल्या काळात राष्ट्राध्यक्ष झालेला टेलर खुर्ची सोडायच्या सुमाराला, लायबेरियात युद्धातल्या कृत्यांना माफी देणारा एक कायदाही झाला. जॉन्सन पुढे आयुष्यभर त्याच्याकडे बोट दाखवत राहिला. २००४ मध्ये तो परतला. ११ ऑक्टोबर २००५ ला, संयुक्त राष्ट्रांच्या फौजांच्या पहाऱ्यात निवडणूक झाली आणि निंबाने त्याला सिनेटर केलं. पडलेल्या मतांपैकी एक तृतीयांश मतं, काउंटीत सर्वांत जास्त. त्या वर्षीच्या नियमाप्रमाणे पहिल्या आलेल्याला नऊ वर्षं, दुसऱ्याला सहा. त्याला नऊ मिळाली. २०१४ मध्ये पुन्हा निवडून आला. २०२३ मध्ये तिसऱ्यांदा.

निंबा मतदारांच्या संख्येत राजधानीच्या काउंटीखालोखाल दुसरा आणि त्या गठ्ठ्याची चावी या एका माणसाकडे. २०११ मध्ये तो राष्ट्राध्यक्षपदाला उभा राहिला आणि ११.६ टक्के मतं घेऊन तिसरा आला. दुसऱ्या फेरीत त्याने पाठिंबा दिला तो एलेन जॉन्सन सर्लीफ यांना. पहिल्या फेरीच्या मतदानाच्या चार दिवस आधी ज्यांना शांततेचं नोबेल जाहीर झालं होतं त्यांना. २०१७ मध्ये चौथा आला, ८.२ टक्के, आणि दुसऱ्या फेरीत फुटबॉलपटू जॉर्ज वेआच्या मागे उभा राहिला. वेआ जिंकला. २०२३ मध्ये वेआवर रुसून जोसेफ बोआकाईंकडे गेला, उपाध्यक्षपदाचा उमेदवार आपल्या निंबाचा, आपल्याच पक्षातला जेरेमाया कून्ग दिला. बोआकाई जिंकले, साधारण वीस हजार मतांनी. तीन निवडणुका, तीन वेगवेगळे राष्ट्राध्यक्ष, आणि तिघांनाही त्याच्या दारात जावं लागलं. तिकडची वर्तमानपत्रं त्याला ‘निंबाचा गॉडफादर’ म्हणायची.

मला या तिघांचा जास्त राग येतो. मतदाराचा येत नाही, तो आपलं दुःख घेऊन रांगेत उभा होता. पण ज्यांच्या हातात न्यायालय उभारणं होतं, त्यांनी दर वेळी आधी मतं मोजली. सत्य आणि समेट आयोगाने हजारो जबान्या घेतल्या. २००८ मध्ये जॉन्सन स्वतः आयोगापुढे बसला. २००९ च्या अहवालात, ज्यांच्यावर खटला भरावा अशा माणसांत त्याचं नाव ठळक होतं. त्याच अहवालाने सर्लीफ यांच्यासह काही नेत्यांना तीस वर्षं सार्वजनिक पदापासून दूर ठेवा म्हटलं. सर्वोच्च न्यायालयाने ती बंदी घटनाबाह्य ठरवली आणि खटल्यांची शिफारसही हळूहळू कपाटात गेली.

लायबेरियाच्या युद्धाचा न्याय जो काही झाला तो लायबेरियाबाहेर झाला. टेलरला ५० वर्षांची शिक्षा झाली ती शेजारच्या सिएरा लिओनमधल्या गुन्ह्यांसाठी. एलियू कोसिया नावाच्या कमांडरला २०२१ मध्ये स्वित्झर्लंडच्या न्यायालयाने २० वर्षं दिली. लुथरन चर्चच्या हत्याकांडाबद्दल एका माजी लष्करी अधिकाऱ्याला त्याच वर्षी फिलाडेल्फियाच्या दिवाणी न्यायालयाने जबाबदार धरलं. मोन्रोव्हियात, जिथे हे घडलं तिथे, एकही खटला नाही. माणसाने दाद मागायला स्वित्झर्लंडला जायचं?

२००६ मध्ये मला त्या मोटरमनचा फोन आला होता. आम्ही जहाज सोडून दहा-बारा वर्षं झाली होती. नंबर त्याने माझ्या जुन्या पत्रावरून शोधला. तो घरी परतला होता. आई आयव्हरी कोस्टमधल्या डानानेच्या निर्वासित छावणीतच गेली. सॅनिक्वेलीत त्याने घर पुन्हा उभं केलं होतं आणि मतदान केलं होतं. कुणाला, हे मी विचारण्याआधीच त्याने सांगितलं. मी गप्प बसलो. बहुधा त्याला ते ऐकू गेलं. तो म्हणाला, “सेकंड, तुम्हाला वाटतं आम्ही कॅसेट विसरलो. ती आमच्या घरोघरी आहे.”

हे वाक्य मी अठरा-एकोणीस वर्षं डोक्यात घेऊन फिरतोय. माझी आधीची समजूत अशी की गुन्हा झाकला गेला की गुन्हेगार निवडून येतो, उघड झाला की पडतो. निंबात काहीच झाकलेलं नव्हतं. त्यांनी त्या कॅसेटलाच मत दिलं. आपल्यावर पुन्हा ट्रक आले तर हा माणूस त्यांच्या आडवा येईल, एवढाच जाहीरनामा. आणि तो माणूस ही भीती विझू देत नव्हता. न्यायालयाची गोष्ट निघाली की ती निंबाविरुद्धची चाल म्हणायची. निंबातल्याच गांटा गावचे मांडिंगो जमातीचे व्यापारी, डोची माणसं म्हणून युद्धात हाकलले गेलेले, परत आले तेव्हा त्यांच्या घरांत-दुकानांत दुसरे राहत होते. तो जमिनीचा तंटा वर्षानुवर्षं धुमसत राहिला. राखणदाराचं काम चालू राहायला धोका चालू राहावा लागतो. १९८५ च्या मृतांचा पंचनामा झाला असता, नावं लिहिली गेली असती, ट्रक कुणी पाठवले हे एखाद्या न्यायाधीशाने विचारलं असतं, तर जॉन्सनची निंबाला इतकी गरज उरली असती का? मला नाही वाटत. आणि ते होऊ न देण्यात त्याचा स्वतःचाही हात होता. निंबाच्या माणसाने निंबाचं केलेलं सगळ्यात मोठं नुकसान मी याला म्हणतो.

डिसेंबर २०२१ मध्ये अमेरिकेच्या अर्थखात्याने त्याच्यावर भ्रष्टाचारासाठी निर्बंध घातले. सरकारी खात्यांकडून पैसे लाटण्याच्या व्यवहारात सामील होता, निवडणुकांत मतांचा सौदा करायचा, असं त्यात म्हटलं होतं. ती बातमी मी रत्नागिरीत, घरच्या पडवीत बसून वाचली आणि मोटरमन कॅसेट कुठे थांबवायचा ते आठवलं. लोकांचा पैसा कुठे ठेवलास? मला खूप वाईट वाटलं. जॉन्सनबद्दल नाही. पहाटे चारला उठून त्या एका प्रश्नासाठी जीव टाकणाऱ्या त्या माणसाबद्दल.

एप्रिल २०२४ मध्ये युद्धगुन्ह्यांच्या न्यायालयाचा ठराव सिनेटपुढे आला आणि त्यावर प्रिन्स जॉन्सननेही सही केली. का केली, याचे तर्क बरेच झाले. वारा फिरलाय हे ओळखलं असेल, किंवा थकला असेल. मे महिन्यात बोआकाईंनी न्यायालयाच्या उभारणीसाठी कार्यालय स्थापन करायचा हुकूम काढला. २८ नोव्हेंबरला, वयाच्या ७२ व्या वर्षी, जॉन्सन मेला. सिनेटर म्हणून, एकदाही आरोपीच्या पिंजऱ्यात उभा न राहता. निंबात लोक रडले. मोन्रोव्हियात ज्यांची माणसं कॉल्डवेलला गेली ती आली नाहीत, त्यांनीही ती बातमी ऐकली असेल. त्यांच्या घरात त्या दिवशी काय झालं असेल, हे मला कुठल्याच वर्तमानपत्रात वाचायला मिळालं नाही.

मी जुना नंबर लावून बघितला. लागत नाही. मोटरमन असला तर सत्तरीला आला असेल. ते न्यायालय खरंच उभं राहिलं आणि त्यात १९८५ च्या मृतांसाठीही जागा झाली, तर तो जाईल का, एवढंच मला विचारायचं होतं. तिथे गेला आणि त्याला कुणी कागद मागितला, तर एक माझ्याकडे आहे. १९९२ ची डायरी, अबिजानचं पान. सॅनिक्वेलीच्या एका मास्तरांचं नाव, खाली गाव, खाली नोव्हेंबर १९८५ मधली एक तारीख. निळ्या पेनाने, मुलाच्या हातचं.